फ्रेंच गुन्हेगारीपट पाहायला सुरुवात करताना: पत्ता, पोलीस, भाषा आणि क्रम

फ्रेंच गुन्हेगारीपट पहिल्यांदा पाहायला बसलेल्या माणसाची फसगत बहुधा एकाच ठिकाणी होते. तो गोष्टीची वाट पाहत बसतो. पडद्यावर मात्र एक माणूस आरशासमोर उभा राहून हॅटची कड नीट करत असतो, तीन पोरं इमारतीच्या आवारात टवाळक्या करत असतात, चार जण घामाघूम होऊन जमिनीला भोक पाडत असतात. काहीच घडत नाही असं वाटतं आणि विसाव्या मिनिटाला चित्रपट बंद होतो.

त्या वेळात बरंच घडत असतं, फक्त नजर दुसरीकडे हवी. या चित्रपटांत गुन्हा म्हणजे एक काम असतं. त्याला हत्यारं लागतात, वेळ लागतो, भागीदार लागतात आणि मजुरी अनेकदा बुडते. समाजाच्या कडेला असणं म्हणजे एक पत्ता असतो: अमुक जिल्हा, अमुक इमारत, शेवटची गाडी किती वाजता सुटते. म्हणून दोन प्रश्न सतत हाताशी ठेवा. हा माणूस राहतो कुठे? आणि याचं पोट कशावर चालतं? पुढच्या सगळ्या पायऱ्या या दोन प्रश्नांभोवती आहेत.

आधी हे जमवा

- पॅरिस आणि भोवतालच्या जिल्ह्यांचा नकाशा. त्यावर 'पेरिफेरिक' हा वर्तुळाकार रस्ता आणि जिल्ह्यांचे क्रमांक दिसले पाहिजेत.
- मार्सेय शहराचा १ ते १६ विभाग दाखवणारा नकाशा.
- मूळ फ्रेंच आवाज आणि इंग्रजी सबटायटल. डब केलेली आवृत्ती नको, कारण सांगतोच पुढे.
- एक वही.
- सलग अडीच तास. हे चित्रपट तुकड्यांत पाहिले तर मोडतात.

१. 'पोलार' हा शब्द समजून घ्या

फ्रान्समध्ये पोलीस, चोर, खून, तुरुंग यांच्या चित्रपटाला आणि कादंबरीलाही बोलीत 'पोलार' म्हणतात. मुळात 'पोलिसिए' या शब्दाचं ते रांगडं रूप. १९४५ साली गालिमार या प्रकाशनगृहात मार्सेल द्युआमेल यांनी 'सेरी न्वार' ही पुस्तकमाला सुरू केली. सुरुवातीला तिच्यात इंग्रजीतून आलेले अनुवाद असत. पुढे फ्रेंच लेखक पॅरिसच्या गुन्हेगारी जगाच्या बोलीत लिहू लागले. १९५३ साली आलेल्या अशा दोन कादंबऱ्यांवरून 'तुशे पा ओ ग्रिझ्बी' (१९५४) आणि 'रिफिफी' (१९५५) हे चित्रपट झाले. 'ग्रिझ्बी' म्हणजे चोरीचा माल, 'रिफिफी' म्हणजे राडा. 'ग्रिझ्बी'च्या कादंबरीला लेखकाने शेवटी शब्दसूची जोडली होती. म्हणजे ही बोली खुद्द फ्रेंच वाचकालाही समजावून सांगावी लागत होती. तेव्हा दर वाक्य कळलं नाही म्हणून बिचकू नका.

ढोबळ मानाने दोन कालखंड धरा. १९७०च्या दशकाच्या मध्यापर्यंतच्या चित्रपटांत 'मिलिय' असतो, म्हणजे मोंमार्त्र-पिगालचं, कोर्सिका-मार्सेयचं जुनं गुन्हेगारी जग. त्यानंतर मध्यभागी येते 'सिते', शहराबाहेरची उंच सरकारी वसाहत.

२. नकाशा उघडा आणि 'उपनगर' हा शब्द विसरा

'बाँलिय' या फ्रेंच शब्दाचं भाषांतर उपनगर असं होतं आणि मराठी वाचक तिथेच चुकतो. उपनगर म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर पार्ले, डोंबिवली, कोथरूड येतं: नोकरदार, शाळा, नाट्यगृह. पॅरिसच्या बाबतीत 'बाँलिय' शब्दाला कागदोपत्री तेवढाच साधा अर्थ आहे आणि श्रीमंत बाँलियही आहेत. पण चित्रपटात आणि बातम्यांत हा शब्द आला की तो जवळजवळ नेहमी गरीब वसाहतींबद्दल असतो.

या वसाहती कशा झाल्या, हे थोडक्यात ध्यानात ठेवा. दुसऱ्या महायुद्धानंतर घरांची भीषण टंचाई होती. कारखान्यांत आणि बांधकामावर अल्जीरिया, मोरोक्को, पोर्तुगाल इथून आलेले हजारो कामगार झोपड्यांत राहत. नांतेरची झोपडपट्टी त्यांतली सर्वांत माहितीतली. १७ ऑक्टोबर १९६१ रोजी पॅरिसमध्ये पोलिसांनी अल्जीरियन लोकांच्या ज्या मोर्चावर जीवघेणा हल्ला केला, त्यात चालणारे बरेच लोक अशाच वस्त्यांमधून आले होते. १९५०च्या दशकाच्या मध्यापासून १९७०च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत सरकारने शहराबाहेर 'हाशेलेम' म्हणजे माफक भाड्याच्या घरांचे प्रचंड गट उभारले. सुरुवातीला तिथे घर मिळणं ही चैन होती: न्हाणीघर, गरम पाणी, उजेड. मग कारखाने बंद पडू लागले, ज्यांना परवडलं ते निघून गेले, लिफ्ट बंद पडली ती पडली. १९७३ साली पूर्ण झालेला सुमारे ३५ किलोमीटरचा पेरिफेरिक रस्ता शहर आणि बाहेरची वस्ती यांच्यामधला खंदक होऊन बसला.

आता क्रमांक. फ्रान्समध्ये जिल्हा क्रमांकाने ओळखला जातो आणि पात्रं तो क्रमांक आडनावासारखा वापरतात. ७५ म्हणजे पॅरिस. ९३ म्हणजे सेन-सां-दनी. पोरं त्याला त्र्याण्णव न म्हणता 'नऊ-तीन' म्हणतात. ९२ मध्ये नांतेर, ७८ मध्ये शांतलू-ले-व्हीन्य, १३ म्हणजे मार्सेयचा जिल्हा. १९५० ते २००९ या काळातल्या फ्रेंच मोटारींच्या पाटीवर शेवटचे आकडे जिल्ह्याचे असत. जुन्या चित्रपटात गाडी दिसली की पाटीचा शेवट पाहा. पाहुणा कुठून आलाय ते संवादाच्या आधी कळतं. एक अडचण मात्र आहे. १९६८ पूर्वी पॅरिस आणि जवळची बाँलिय मिळून सेन हा एकच जिल्हा होता आणि त्याचाही क्रमांक ७५ होता. तेव्हा 'रिफिफी'च्या काळातल्या पाटीवरून शहराच्या आतला की बाहेरचा हे ठरवू नका.

मार्सेयचं गणित उलटं आहे. तिथल्या गरीब वसाहती शहराच्या हद्दीतच आहेत, उत्तरेकडे, १३ ते १६ या विभागांत. पात्र 'उत्तरेचे मोहल्ले' म्हणालं की नकाशाचा वरचा भाग पाहा.

३. पोलीस आणि कायदा: कोण कोणाचा साहेब

इंग्रजी सबटायटल इथे सर्वांत जास्त दिशाभूल करतात. ही यादी वहीच्या पहिल्या पानावर उतरवून ठेवा.

*कोमिसेर* म्हणजे पोलीस आयुक्त नव्हे. शब्द ऐकून तसं वाटतं, पण तो एखाद्या ठाण्याचा किंवा पथकाचा प्रमुख असतो. आपल्या मनातला आयुक्त तिथे बसवला तर तो स्वतः गल्लीबोळांत आरोपीच्या मागे का फिरतोय, हे कोडं सुटत नाही.

*इन्स्पेक्तर* हे पद १९९५ पर्यंतचं. त्यानंतर तेच लोक लेफ्टनंट, कॅप्टन, कमांडंट झाले. हे शब्द आले म्हणून लष्कर आलं असं समजू नका. खरं लष्करी स्वरूपाचं दल म्हणजे *जाँदार्मरी*. ते गावं आणि लहान शहरं सांभाळतं.

*पेजी* म्हणजे गुन्ह्यांचा तपास करणारी शाखा. पॅरिसच्या शाखेचं मुख्यालय दशकानुदशकं सेन नदीकाठी, ३६ के देझोर्फेव्र इथे होतं. बोलताना नुसतं 'छत्तीस' म्हणतात. २०१७ साली कार्यालय शहराच्या वायव्येला, सतराव्या विभागात हललं, पण नव्या जागेलाही ३६ हाच क्रमांक मिळाला.

*बाक* हे साध्या कपड्यांत, साध्या गाडीतून वस्त्यांमध्ये फिरणारं पथक. १९९०च्या दशकापासूनच्या बाँलियपटांत पोलीस म्हणजे बहुतेक वेळा हेच. *बेएरी* हे दरोडेखोरांच्या मागावरचं पथक, १९६४ साली स्थापन झालेलं. *स्त्युप* म्हणजे अमली पदार्थवाले. पोलिसांची चौकशी करणाऱ्या अंतर्गत शाखेला पोलीस 'बफ-कारोत' म्हणतात. गाजर घातलेलं बैलाचं मटण मंद आचेवर तासनतास शिजतं, तसं समोरच्याला शिजवत ठेवतात म्हणून.

*गार्द आ व्ह्यू* म्हणजे चौकशीसाठीची पोलीस कोठडी. साधारणपणे २४ तास, वाढवून ४८, संघटित गुन्हेगारीत ९६ तासांपर्यंत. आपल्याकडे २४ तासांत दंडाधिकाऱ्यासमोर उभं करायचं असतं, त्या हिशेबाने पाहिलं तर घोटाळा होतो. चित्रपटाचं वर्षही पाहा. १९९३ पूर्वी या कोठडीत वकील भेटतच नसे आणि प्रत्यक्ष चौकशीच्या वेळी वकील शेजारी बसण्याचा हक्क २०११ साली मिळाला. जुन्या चित्रपटात आरोपी वकील का मागत नाही, याचं उत्तर बहुतेक वेळा एवढंच असतं.

*ज्यूज दँस्त्र्युक्सियाँ* म्हणजे तपास चालवणारा न्यायाधीश. तो निकाल देत नाही. तो साक्षीदार बोलावतो, फोन ऐकण्याची परवानगी देतो, पोलिसांना कामाला लावतो. मार्सेयमध्ये हेरॉइनच्या टोळ्यांमागे लागलेले पिएर मिशेल हे असेच न्यायाधीश होते. २१ ऑक्टोबर १९८१ रोजी त्यांची भर रस्त्यात गोळ्या घालून हत्या झाली.

त्याच महिन्यात, ९ ऑक्टोबर १९८१ च्या कायद्याने, फ्रान्समधली फाशीची शिक्षा संपली. खरं तर 'फाशी' हा शब्दही तिथे लागू नाही, कारण मान गिलोटिनखाली जायची. शेवटचं गिलोटिन १९७७ साली मार्सेयच्या बोमेत तुरुंगात चाललं. त्याआधीच्या चित्रपटात खुनाचा आरोपी पळत असेल, तर तो नेमका कशापासून पळतोय ते विसरू नका.

४. भाषा: च-च्या भाषेपासून सुरुवात करा

लहानपणी 'मला'चं 'चलाम' करून मोठ्यांपासून गुपितं लपवली असतील, तर बाँलियची 'व्हेर्लां' तुम्हाला अर्धी आलीच. शब्दाचे तुकडे उलटे करायचे, मग शेपूट छाटायची. 'व्हेर्लां' हा शब्दच 'लांव्हेर' म्हणजे 'उलट' याला उलटून तयार झाला आहे. हे शब्द कानाला लागले पाहिजेत:

- फ्लिक (पोलीस) → कफ
- फाम (बाई) → मफ
- लूश (संशयास्पद) → शलू
- लूर (जड, डोक्याला ताप) → रलू
- पूरी (सडका) → रिपू, म्हणजे लाचखाऊ पोलीस
- अराब → बर, आणि तो शब्द पार रुळल्यावर पुन्हा उलटून → रबो

जुन्या मिलियची बोली वेगळी आहे, तिथे रूपकं चालतात. पोलीस म्हणजे 'पूले', कोंबडी. तुरुंग म्हणजे 'प्लाकार', कपाट. फरार असणं म्हणजे 'काव्हाल'. खबऱ्याला 'बालांस' म्हणजे तराजू म्हणतात, आणि 'दुलोस' म्हणजे हॅट, पण तोही खबऱ्याच. पोलीस मात्र आपल्या खबऱ्याला प्रेमाने 'तोंतों' म्हणतात, म्हणजे काका. दोन्ही बाजूंचे शब्द शेजारी ठेवले की खबऱ्याच्या आयुष्याची गोम कळते.

आता सर्वांत महत्त्वाची गोष्ट, आणि इथे मराठी माणूस इंग्रजी प्रेक्षकापेक्षा चार पावलं पुढे आहे. फ्रेंचमध्ये 'त्यू' आणि 'वू' आहेत, आपल्या तू आणि तुम्हीसारखे. इंग्रजीत दोन्हींचं 'यू' होतं आणि अपमान पुसला जातो. डबिंग नको ते याचसाठी. वस्तीतल्या पोराला पोलीस बिनदिक्कत अरे-तुरे करतात. १ जानेवारी २०१४ पासून लागू झालेल्या आचारसंहितेत पोलिसांनी नागरिकांशी 'वू' वापरावं असं स्पष्ट लिहावं लागलं, यावरूनच समजा. 'ला एन' (१९९५) मध्ये वस्तीतला साईद पॅरिसमध्ये एका पोलिसाला रस्ता विचारतो आणि मग हरखून मित्रांना सांगतो की तो मला चक्क 'वू' म्हणाला. सबटायटलमध्ये हा क्षण निसटतो. कान उघडे ठेवा.

सबटायटलचा आणखी एक दोष: काही जुन्या इंग्रजी सबटायटलांत फ्रेंच दुकानं आणि व्यंगचित्रांतली पात्रं काढून अमेरिकन नावं घुसवली आहेत. पॅरिसचं पोरगं अमेरिकन संदर्भ देताना दिसलं तर तो दोष भाषांतराचा.

५. पहिले चार, याच क्रमाने

बहुतेक याद्या जाँ-पिएर मेलव्हिल या दिग्दर्शकापासून सुरू होतात. तसं करू नका. त्याच्या 'ल सामुराई'ची पहिली जवळजवळ दहा मिनिटं एक शब्द नाही. तयारीशिवाय ते पाहणं म्हणजे स्वरज्ञान नसताना विलंबित ख्यालाला बसणं.

पहिला: 'ल त्रू' (१९६०), दिग्दर्शक जाक बेकर. पॅरिसच्या सांते तुरुंगातले पाच कैदी, एक कोठडी, खाली जाणारा बोगदा. एवढीच गोष्ट, म्हणून सुरुवातीला उत्तम. १९४७ च्या खऱ्या प्रयत्नावर ती आधारलेली आहे आणि त्या प्रयत्नात सामील असलेले जाँ केरोदी स्वतः त्यात काम करतात. त्यांचे हात पाहा. पलंगाच्या लोखंडी भागाने काँक्रीट फोडण्याचं दृश्य कॅमेरा न हलता, काही मिनिटं, सलग चालतं. दांडा हातातून हातात जातो, धूळ उडते, आणि आवाज पहारेकऱ्याला कसा ऐकू जात नाही या काळजीने पाहणाऱ्याचाच घसा कोरडा पडतो. टूथब्रशला आरशाचा तुकडा बांधून दाराच्या भोकातून बाहेर डोकावायचं, दवाखान्यातल्या बाटल्यांत वाळू भरून घड्याळ करायचं. चित्रपट चालू असताना पार्श्वसंगीत नाही. गुन्हा हे काम असतं, हे वाक्य इथे पटतं.

दुसरा: 'ला एन'. दिग्दर्शक मात्यू कासोव्हित्झ, ९८ मिनिटं, कृष्णधवल. शोधताना 'ला हेन' असं टाका; फ्रेंचमध्ये ह उच्चारत नाहीत. १९९३ साली पॅरिसच्या अठराव्या विभागातल्या पोलीस कोठडीत एक सतरा वर्षांचा मुलगा डोक्यात गोळी लागून मेला, त्या घटनेतून चित्रपटाचं बीज आलं. चित्रीकरण शांतलू-ले-व्हीन्यच्या वसाहतीत झालं. पडद्यावर येणारी घड्याळाची वेळ लिहून ठेवत जा. वसाहतीत ही तिघं पोरं राजे आहेत, कॅमेराही त्यांच्याबरोबर वाहत फिरतो. पॅरिसला पोचताच त्यांची बोलती बंद होते. आणि शेवटची गाडी चुकते. घरी परतण्याचं साधन नसलेल्या तीन पोरांची रात्र: चित्रपटाचा उत्तरार्ध याच्यावर उभा आहे.

तिसरा: 'तुशे पा ओ ग्रिझ्बी'. आता मागे जा. ९६ किलो सोनं आधीच चोरून झालंय; चित्रपट चोरीनंतरचा आहे. जाँ गाबँचा माक्स आता थकलाय, त्याला रात्री लवकर झोपायचंय. टोस्टवर मांसाचं वाटण लावून तो मित्राबरोबर खातो, पायजमा काढून देतो, दोघं दात घासतात. बंदुकीपेक्षा हे दृश्य लक्षात राहतं. गुन्हेगारालाही निवृत्तीवेतन हवं असतं, आणि त्याच्या धंद्यात ते नसतं.

चौथा: 'अं प्रोफेत' (२००९), दिग्दर्शक जाक ओदियार. इंग्रजी नाव 'अ प्रॉफेट'. अडीच तासांहून थोडा मोठा, आणि हिंसा खरोखर कठीण आहे. पहिल्या अर्ध्या तासातलं ब्लेडचं दृश्य लहान मुलांसमोर चुकूनही लावू नका. एकोणीस वर्षांचा मालिक सहा वर्षांची शिक्षा घेऊन आत येतो. लिहिता-वाचता येत नाही, बाहेर कोणी नाही. आतल्या आवारात कोर्सिकन एका बाजूला, मुसलमान दुसऱ्या बाजूला, आणि हा दोघांचाही नाही. पुढे तो वाचायला शिकतो, नुसतं ऐकून कोर्सिकन भाषा शिकतो, आणि एका दिवसाच्या सुट्टीवर बाहेर जाऊन धंदा उभारतो. ही सुट्टी आपल्याकडच्या फर्लोसारखी धरा; संध्याकाळी परत हजर व्हायचं असतं. आवारातल्या बाकावर कोण बसलंय, किती जण उरलेत, हे दर वेळी मोजा. सत्ता कुणाकडे सरकतेय ते बाक सांगतो.

६. मेलव्हिलकडे वळा, पण 'चोरांच्या इमाना'वर विश्वास ठेवू नका

आता 'रिफिफी', 'ल दुलोस' (१९६२), 'ल सामुराई' (१९६७), 'ल सेर्क्ल रूज' (१९७०). 'रिफिफी'त दागिन्यांच्या दुकानावरची चोरी सुमारे अर्धा तास चालते, संवाद नाही, संगीत नाही. छताच्या भोकातून छत्री खाली सोडून तिच्यात मलबा झेलायचा, धोक्याच्या घंटेत आग विझवण्याचा फेस भरायचा. दिग्दर्शक ज्यूल्स दासँ हे हॉलिवूडच्या काळ्या यादीमुळे काम गमावलेले अमेरिकन होते. 'सेर्क्ल रूज'मधली चोरीही सुमारे २५ मिनिटांची, मुकी.

इथले सापळे तीन. 'सामुराई'च्या सुरुवातीचं बुशिदोचं, म्हणजे सामुराई योद्ध्यांच्या नीतीचं, वचन आणि 'सेर्क्ल रूज'च्या सुरुवातीचं बुद्धाचं वचन ही दोन्ही मेलव्हिलने स्वतः रचली आहेत. बुद्धाचं वचन म्हणून पुढे पाठवू नका.

दुसरा सापळा बायकांचा. या चित्रपटांत बाई बहुतेक वेळा बक्षीस असते किंवा फितूर. 'रिफिफी'तला नायक जुन्या प्रेयसीला पट्ट्याने मारतो आणि चित्रपट त्याच्याच बाजूने उभा राहतो. ते तसंच पाहा, सारवासारव करू नका.

तिसरा मोठा. मिलियमध्ये म्हणे शब्दाला किंमत होती. १९४० ते १९४४ च्या जर्मन ताब्यात याच जगातले कित्येक जण पॅरिसच्या लोरिस्तों रस्त्यावरच्या ९३ क्रमांकाच्या इमारतीतून जर्मनांसाठी लूट आणि छळ करत होते. 'क्लास तू रिस्क' (१९६०) मधला दोन लहान पोरांना घेऊन पळणारा, मन हेलावून टाकणारा फरारी आबेल दाव्होस ज्याच्यावर बेतला आहे, तो आबेल दानोस त्याच टोळीतला होता आणि १९५२ साली त्याला गोळ्या घातल्या गेल्या. चित्रपट हे सांगत नाही. चित्रपट फार चांगला आहे, लिनो व्हेंतुराचं काम विसरता येत नाही, पण ही माहिती खिशात ठेवून पाहा. लगेच मेलव्हिलचाच 'लार्मे दे-झोंब्र' (१९६९) पाहिला तर त्या काळाची दुसरी बाजू दिसते. तिथे लपणं, पळणं, फितुराला मारणं हे सगळं प्रतिकार करणारे करत आहेत.

७. पोलिसाच्या टेबलाकडून पाहा

'माक्स ए ले फेरायर' (१९७१): नांतेरचे भंगारचोर. तांब्याच्या तारा, गाड्यांचे भाग, एवढीच त्यांची मजल. एका पोलिसाला मात्र रंगेहाथ पकडलेला मोठा गुन्हा हवाय, म्हणून तो त्यांना बँकेकडे ढकलतो. गुन्हेगार तयार कसा होतो, याचं इतकं थंड वर्णन दुसरं क्वचितच सापडेल.

'एल ६२७' (१९९२): नाव म्हणजे अमली पदार्थांविषयीच्या कायद्यातलं कलम. दिग्दर्शक बेर्त्रां ताव्हेर्निए यांनी एका माजी पोलिसाबरोबर पटकथा लिहिली. पथकाचं कार्यालय म्हणजे आवारातली पत्र्याची तात्पुरती खोली. साधनं नाहीत, आकडे वरती पाठवायचे म्हणून फुटकळ नशेबाज उचलायचे. नायक लुलू जोडकमाई म्हणून लग्नाचं व्हिडिओ चित्रण करतो. पाठलाग हवा असेल तर निराश व्हाल. कागद, अहवाल, खबऱ्याचे पैसे यांत रस असेल तर याच्यासारखा चित्रपट नाही.

'ला न्वी द्यू दूझ' (२०२२), इंग्रजीत 'द नाइट ऑफ द ट्वेल्थ'. एका तरुणीचा खून, तपास, आणि खुनी सापडत नाही. हे चित्रपट सुरुवातीलाच सांगून टाकतो, तेव्हा मी काही फोडलं नाही.

८. एकटा पाहू नका असे काही: जोड्या लावा

'बाक नोर' (२०२१) मार्सेयच्या उत्तर भागातल्या पथकाचा. २०१२ साली त्या पथकातल्या पोलिसांवर माल आणि पैसे खिशात घातल्याचे आरोप झाले होते, त्यावरून सुचलेला. वेगवान आहे, पण वस्तीतली माणसं फक्त ओरडणारी गर्दी म्हणून दिसतात, आणि याबद्दल कान चित्रपट महोत्सवातच प्रश्न विचारले गेले. त्याच्या आधी किंवा नंतर लगेच 'शेहेराझाद' (२०१८) पाहा. तेच शहर, नुकताच बालतुरुंगातून सुटलेला मुलगा, रस्त्यावर देहविक्री करणारी मुलगी, आणि व्यावसायिक नट नसलेली मार्सेयची तरुण पोरं. पहिल्यात ज्यांना चेहरा नाही, त्यांना दुसऱ्यात नाव आहे.

'ला एन' नंतर 'ले मिझेराब्ल' (२०१९). व्हिक्टर ह्यूगोच्या याच नावाच्या कादंबरीशी नातं गावाचं: कादंबरीतली तेनार्दिएची खानावळ मोंफेर्मेयला आहे, आणि दिग्दर्शक लाज ली याच मोंफेर्मेयच्या वसाहतीत वाढले. पॅरिसपासून साधारण १५ किलोमीटर, पण तिथे ट्राम पोचली २०१९-२० मध्ये. शेजारच्या क्लिशी-सू-ब्वामध्ये २७ ऑक्टोबर २००५ रोजी पोलिसांना घाबरून विजेच्या केंद्रात लपलेली दोन मुलं शॉक लागून मेली आणि देशभर तीन आठवडे जाळपोळ चालली. चित्रपटात छतावरून ड्रोन उडवणारा पोरगा आहे, त्याच्यावर नजर ठेवा.

'दीपन' (२०१५) आपल्याला जवळचा: श्रीलंकेतून पळालेले तीन अनोळखी तमिळ, खोट्या पारपत्रावर एक कुटुंब बनून बाँलियमध्ये येतात. नायक अँटनीदासन येसुदासन हे स्वतः लहानपणी तमिळ वाघांच्या (एलटीटीई) संघटनेत होते आणि लेखक आहेत. संवाद मुख्यतः तमिळ. शेवटाबद्दल मतभेद आहेत, आणि ते योग्यच आहेत. हाणामारी सुरू झाली की चित्रपट आधीचं बारीक काम सोडून देतो असं माझं मत.

आणि एक बंदुकीशिवायचा: आन्येस व्हार्दा यांचा 'सां त्वा नी ल्वा' (१९८५), इंग्रजीत 'व्हॅगाबाँड'. दक्षिणेतल्या द्राक्षमळ्यांत थंडीने गोठून मेलेली एक तरुणी सुरुवातीलाच सापडते. ती कोण होती हे तिला भेटलेली माणसं सांगतात. पत्ता नसलेल्या माणसाबद्दल बाकीचे काय बोलतात, हे नीट ऐका.

९. कुठे मिळतात, कसे लावायचे

पुण्यात आणि मुंबईत आलियाँस फ्रान्सेज, पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, मुंबईचं प्रभात चित्र मंडळ, जानेवारीच्या सुमारास पुण्याचा चित्रपट महोत्सव पिफ, गोव्यात भारताचा आंतरराष्ट्रीय महोत्सव इफ्फी: यांच्या कार्यक्रमपत्रिका पाहत राहा. घरी मुबी आणि नेटफ्लिक्स. यादी बदलत असते. शोधताना फ्रेंच आणि इंग्रजी दोन्ही नावं टाका, कारण 'ल त्रू' कधी 'द होल' म्हणून आणि 'बाक नोर' 'द स्ट्राँगहोल्ड' म्हणून मिळतो.

नेटफ्लिक्सवर आवाज कधीकधी आपोआप इंग्रजी होतो; आधी मूळ फ्रेंच निवडा. टीव्हीवरची हालचाल गुळगुळीत करणारी सोय बंद करा, नाहीतर १९६० चं काँक्रीट मालिकेतल्या सेटसारखं दिसतं. मुक्या चोऱ्यांना आवाज वाढवा. तिथे छिन्नीचा आवाज हाच संवाद आहे.

१०. वही अशी भरा

प्रत्येक चित्रपटाला एक पान, पाच ओळी पुरतात. पत्ता: जिल्हा, वस्ती, घरी जायचं साधन. काम: पोटाचा धंदा, रोजची मिळकत दिसते का. पैसा: पहिल्यांदा कुणाच्या हातात दिसला, शेवटी कुणाकडे राहिला. भाषा: कोण कुणाला 'त्यू' म्हणतं, ते कधी बदलतं. दार: कुठल्या दारातून या माणसाला आत घेतलं नाही.

दहाएक पानं भरली की 'ला एन' पुन्हा लावा, आणि पहिली पंधरा मिनिटं सबटायटल बंद ठेवा. कफ, मफ, शलू वेगळे ऐकू येऊ लागले, तर पुढचा चित्रपट कुठलाही निवडा.